शोधात "नऱ्हे" टाकलं की निम्मेच रक्तदाते दिसतात, अक्षरं तर हुबेहूब सारखी आहेत

सायली_वडगाव_बुद्रुक:

नमस्कार मंडळी. आमच्या गणेश मंडळाची रक्तदात्यांची यादी मी सांभाळते. पुण्यातल्या सिंहगड रस्ता, वडगाव, धायरी, नऱ्हे, आंबेगाव, कात्रज या पट्ट्यातली दोनेक हजार नावं आहेत. कुणाच्या नातेवाइकाचा फोन आला की मी भाग आणि रक्तगट टाकून शोधते आणि जवळच्या दात्यांना फोन लावते.

मागच्या आठवड्यात नऱ्ह्यातून ओ निगेटिव्हसाठी फोन आला. शोधात दोनच नावं आली आणि दोघंही गावाला गेलेले. म्हणून यादी हाताने खाली सरकवत गेले, तर नऱ्ह्यातलेच आणखी काही ओ निगेटिव्ह दाते तिथे होते. भागाच्या रकान्यात स्वच्छ "नऱ्हे" लिहिलेलं. त्यांच्यातला एक जण लगेच निघाला, रक्त वेळेत मिळालं. पण हे असं नशिबावर सोडायचं नाही, म्हणून इथे विचारते आहे.

यादी तीन ठिकाणांहून एकत्र केली आहे. एक, मोबाइलवर भरून घेतलेला फॉर्म. दोन, शेजारच्या मंडळाने दिलेल्या फाइली. त्यांनी प्रत्येक भागाची वेगळी फाइल ठेवली होती, त्यामुळे भागाचं नाव मी फाइलीच्या नावावरून उचललं. तीन, आमच्या एका जुन्या कार्यकर्त्याने पूर्वी डीटीपीच्या फॉण्टमध्ये टाइप केलेली यादी, जी नंतर कन्व्हर्टरमधून काढली. सगळं एसक्यूलाइट या छोट्या डेटाबेसमध्ये आहे आणि वर पायथॉनचं छोटं वेबपान आहे.

"नऱ्हे"ची लांबी मोजली तर कुठे ५ येते, कुठे ६. डोळ्यांना तर काहीच फरक दिसत नाही. हे काय आहे, आणि दुरुस्त करताना लोकांची नावं बिघडणार नाहीत ना?

डेटावाला_कोथरूड:

युनिकोड नॉर्मलायझेशनचा प्रश्न आहे. युनिकोड म्हणजे प्रत्येक लिपीच्या चिन्हाला क्रमांक देणारं मानक; त्यात एकच अक्षर वेगवेगळ्या प्रकारे साठवता येतं, ते एकरूप करणं म्हणजे नॉर्मलायझेशन. पायथॉनच्या युनिकोडडेटा मॉड्यूलमध्ये नॉर्मलाइज नावाचं फंक्शन आहे, त्याला एनएफसी हा प्रकार सांगून सगळे रकाने त्यातून काढा. एका ओळीचं काम आहे.

जुळारी_एबीसी:

एनएफसी लागेलच, पण तेवढ्याने भागणार नाही असं मला वाटतं. आधी एक करा. तिन्ही यादींतून "नऱ्हे"चा एकेक नमुना घ्या आणि त्यातल्या प्रत्येक चिन्हाचा आकडा काढून इथे टाका. पायथॉन नको असेल तर एक्सेल किंवा गूगल शीटमधलं युनिकोड फंक्शनही चालेल, ते एकेका चिन्हाचा दशमान आकडा देतं.

सायली_वडगाव_बुद्रुक:

काढले, काका.

मोबाइल फॉर्म: २३४४, २३५३, २३८१, २३६१, २३७५
शेजारच्या मंडळाच्या फाइली: २३४४, २३५२, २३६४, २३८१, २३६१, २३७५
जुनी डीटीपी यादी: २३४४, २३५२, २३८१, ८२०५, २३६१, २३७५

जुळारी_एबीसी:

वा, तिन्ही प्रकार एकाच यादीत आले. आता नीट सांगतो. माझी उमेदीची वर्षं अप्पा बळवंत चौकातल्या डीटीपीच्या दुकानांत गेली आणि आता जुने मजकूर युनिकोडमध्ये आणण्याचंच काम करतो, त्यामुळे हा र माझ्या रोजच्या ओळखीचा आहे.

तुमच्या पहिल्या ओळीत न, ऱ, हलन्त, ह, मात्रा अशी पाच चिन्हं आहेत. २३५३ म्हणजे खाली टिंब असलेला ऱ. दुसऱ्या ओळीत तोच ऱ फोडून लिहिला आहे: २३५२ म्हणजे साधा र आणि २३६४ म्हणजे नुसता नुक्ता. तिसऱ्या ओळीत नुक्ता नाहीच. साधा र, हलन्त, आणि मग ८२०५. हे ८२०५ म्हणजे शून्य रुंदीचं जोडचिन्ह, ज्याला आपण झेडडब्ल्यूजे म्हणतो. ते कागदावर उमटत नाही, फक्त फॉण्टला सांगतं की इथे रफार करू नकोस, अर्धा र दाखव. तिन्हींचं चित्र एकच, साठवण मात्र वेगळी. एसक्यूलाइटला काही वेगळं सांगितलं नसेल तर ते बाइटला बाइट लावून बघतं. यूटीएफ-८ मध्ये, म्हणजे युनिकोड साठवायच्या नेहमीच्या पद्धतीत, देवनागरीचं प्रत्येक चिन्ह ३ बाइट घेतं, या जोडचिन्हालाही ३ लागतात. म्हणजे पहिला "नऱ्हे" १५ बाइटचा आणि बाकीचे दोन १८ चे. ते एकमेकांना सापडणार कसे?

हे असं का झालं ते कळलं की दुरुस्ती आपोआप सुचते. युनिकोडची पहिली आवृत्ती १९९१ ची. त्यातला देवनागरीचा तक्ता १९८८ च्या इस्कीवरून घेतला. इस्की म्हणजे आपल्याकडची आठ बिटांची सांकेतिक पद्धत, जी पुढे १९९१ मध्ये आयएस १३१९४ हे भारतीय मानक झाली. आयआयटी कानपूरला सुरू झालेलं जिस्टचं, म्हणजे संगणकावर भारतीय लिपी आणण्याचं, काम पुढे इथे पुण्यात सी-डॅकमध्ये आलं, आणि आमच्यासारख्या जुळणीवाल्यांनी इस्की पहिल्यांदा पाहिली ती त्यातूनच. त्या तक्त्यातला ऱ खरं तर दक्षिणेकडच्या भाषांतला कठोर र देवनागरीत लिहिता यावा म्हणून होता. मराठीत सुटा ऱ कुणी लिहीत नाही. पण आपल्या कऱ्हा नदीतला, दऱ्या-वाऱ्यांतला अर्धा र दाखवायला तोच सोयीचा पडला: ऱ, मग हलन्त, मग पुढचं अक्षर. आज हीच शिफारस केलेली पद्धत आहे. झेडडब्ल्यूजेवाली पद्धत युनिकोडच्या दुसऱ्या आवृत्तीतली. जुना मजकूर वाचता यावा म्हणून ती अजून चालू ठेवली आहे. जुने कन्व्हर्टर आणि काही फोनेटिक कीबोर्ड तीच वापरतात. इस्कीत हलन्तापुढे नुक्ता दिला की सॉफ्ट हलन्त व्हायचा, युनिकोडमध्ये ते काम या जोडचिन्हाकडे आलं.

दुसऱ्या ओळीबद्दल. ती फाइल जुन्या मॅकवरून आली असणार. मॅकची आधीची फाइलपद्धत, एचएफएस प्लस, फाइलीचं नाव साठवताना जोडलेली चिन्हं फोडून ठेवायची. आतला मजकूर ती बदलत नसे, फक्त नाव. तुम्ही भाग नेमका नावावरून उचललात, म्हणून नुक्ता सुटा पडला. त्याच फाइलींच्या आतले पत्ते तपासा, तिथे बहुधा २३५३ च मिळेल.

आता एनएफसी काय करतं ते. युनिकोडने काही चिन्हांच्या जोड्या "समान" म्हणून अधिकृतपणे जाहीर केल्या आहेत, आणि नॉर्मलायझेशन फक्त त्यांनाच एकरूप करतं. र अधिक नुक्ता आणि ऱ ही जोडी त्या यादीत आहे, त्यामुळे तुमची दुसरी ओळ पहिलीसारखी होईल. कुणी हलन्त आधी आणि नुक्ता नंतर टाइप केला असेल तरी चालेल, या दोन चिन्हांचा क्रम एनएफसी स्वतः लावून घेतं. पण झेडडब्ल्यूजेवाला र त्या यादीत नाही. एनएफसी, एनएफडी, एनएफकेसी, एनएफकेडी, नॉर्मलायझेशनच्या या चार प्रकारांपैकी काहीही चालवा, तिसरी ओळ आहे तशीच राहील. तुमची सगळ्यात जुनी, वर्षानुवर्षं रक्त देणाऱ्या माणसांची यादी नेमकी त्यातच आहे.

म्हणून मराठीसाठी आपला एक छोटा थर वर चढवावा लागतो, आणि त्यात क्रम फार महत्त्वाचा आहे. पुष्कळ जण आधी अदृश्य चिन्हं सरसकट पुसतात. तसं केलंत तर तिसऱ्या ओळीत उरेल र, हलन्त, ह, म्हणजे हे वर रफार असलेलं "नर्हे". शब्दच बदलला, आणि मूळ काय होतं ते सांगणारं चिन्हही गेलं. आधी "र, हलन्त, ८२०५" हे त्रिकूट जिथे दिसेल तिथे "ऱ, हलन्त" करा. मग एनएफसी. त्यानंतर उरलेले ८२०५ आणि त्याचा भाऊ ८२०४ काढून टाका. ८२०४ "वाङ्मय"सारख्या शब्दांत ङ चा पाय मोडलेला दिसावा म्हणून लोक घालतात, शोधासाठी त्याचा उपयोग नाही. शेवटी १६० क्रमांकाच्या न तुटणाऱ्या रिकाम्या जागेची साधी जागा करा आणि दोन्ही टोकांच्या जागा छाटा.

नावं बिघडतील का, हा तुमचा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. मूळ रकान्याला हात लावू नका. शेजारी "शोधकी" नावाचा नवा रकाना करा, हे सगळं संस्करण त्यात ठेवा, आणि शोधताना टाइप केलेला शब्दही त्याच फंक्शनमधून काढून मग जुळवा. माणसाने आपलं नाव जसं लिहिलं तसंच पडद्यावर दिसलं पाहिजे.

एक गोष्ट बघून दचकू नका. यादीत कुणी राठौड़ किंवा चोपड़ा असतील आणि त्यांचा ड़ एकाच चिन्हाने लिहिला असेल, तर एनएफसीनंतर लांबी वाढेल. ऱ ला एनएफसी जोडतं, पण ड़, ढ़, क़, ज़ या मंडळींना फोडूनच ठेवतं. तशी अपवादांची यादीच मानकात आहे. बिघाड नाही.

सायली_वडगाव_बुद्रुक:

काका, खूप आभार. मॅकचं अगदी बरोबर निघालं, फाइलींच्या आत २३५३ च आहे! त्रिकूट आधी बदलून मग एनएफसी केलं आणि नऱ्ह्याचे दाते एकत्र आले. गोऱ्हे बुद्रुकचेही आले, ते तर माझ्या लक्षातच आलं नव्हतं. पण शेऱ्याच्या रकान्यात "ॲनिमिया" शोधलं तर अजून अर्धेच येतात. ज्यांना ॲनिमिया आहे त्यांना फोन जाऊ नये म्हणून तो रकाना आहे.

जुळारी_एबीसी:

ॲ चं दुखणं याहून वाईट आहे. ॲ हे स्वतंत्र अक्षर, क्रमांक २४१८, युनिकोडमध्ये २००८ साली ५.१ आवृत्तीत आलं. तोपर्यंत लोकांनी आपापली सोय केली होती. कुणी अ वर अर्धचंद्र ठेवला, २३०९ आणि २३७३. कुणी त्या दोघांच्या मध्ये ८२०५ घातला, कारण त्याशिवाय काही ठिकाणी अर्धचंद्र अ वर बसतच नव्हता. कुणी हिंदीतला ऍ घेतला, २३१७. हे चारही प्रकार आज मराठी मजकुरात सर्रास आहेत आणि युनिकोडच्या हिशेबी यांतला एकही दुसऱ्याशी समान नाही. पुढच्या आवृत्तीत होईल म्हणून वाटही बघू नका. एकदा आलेल्या चिन्हाची समानता पुढे कधी बदलणार नाही असं वचन युनिकोडनेच दिलेलं आहे, आणि ते योग्यही आहे, नाहीतर जगभरच्या साठवलेल्या फाइली रोज बदलत बसतील. तेव्हा आपल्या फंक्शनमध्ये चारही प्रकार २४१८ वर आणा. ८२०५ पुसून झाल्यावर हे केलंत तर मधल्या प्रकाराचा वेगळा विचार करावा लागत नाही.

ओ चंही असंच. बंगाली आणि तमिळमध्ये ओकाराची खूण दोन तुकड्यांत लिहिली तरी मानक तिला एकसंध खुणेसमान धरतं. देवनागरीत नाही. काना आणि मग मात्रा टाइप करून केलेला "ो" आणि खरा "ो" वेगळेच राहतात. तसंच अ ला काना देऊन केलेला आ. कन्व्हर्टरमधून आलेल्या यादीत हे हमखास सापडतं, कारण जुन्या फॉण्टमध्ये अक्षरं नव्हतीच, इंग्रजी अक्षरांच्या जागी बसवलेले आकाराचे तुकडे होते. वेलांटीही दिसते त्या क्रमाने, व्यंजनाच्या आधी ठेवलेली असायची. कन्व्हर्टरने ती उचलून व्यंजनामागे न्यायची, आणि जोडाक्षर आलं की हुकायचं. जुन्या यादीतले वेलांटीचे शब्द एकदा डोळ्यांखालून घाला.

आणि विसर्ग! "स्वत:", "दु:ख" असं विसर्गाच्या जागी कोलन टाइप करणारे खूप आहेत. विसर्ग २३०७, कोलन ५८. हे सरसकट बदलू नका, "वेळ:" मधला कोलन खरा असतो. दोन्ही बाजूंना देवनागरी अक्षर चिकटलेलं असेल तेवढ्याच ठिकाणी बदला. "स्वत:" सारखे कोलनवर संपणारे शब्द थोडेच असतात, ते हाताने बघा.

रोहन_बाणेर:

एवढं कशाला? शोधकीत सगळेच अर्धे ऱ सरळ रफार करून टाका. झेडडब्ल्यूजे आधी पुसा की नंतर, प्रश्नच उरत नाही. शोध सैल झाला तर काय बिघडलं? कितीतरी जण मोबाइलवर "नर्हे"च टाइप करतात, तेही सापडतील.

जुळारी_एबीसी:

रोहन, मोबाइलवरच्या "नर्हे"चा मुद्दा खरा आहे, पण उपाय मला मान्य नाही. आचार्यांना आणि आचाऱ्यांना एकाच पंक्तीत बसवणारा नियम मी मराठी मजकुरावर चालवणार नाही. आज यादी दोन हजारांची आहे, उद्या हेच फंक्शन कुणीतरी ग्रंथालयाच्या सूचीला लावेल. दर्या आणि दऱ्या वेगळे शब्द आहेत आणि वेगळेच राहिले पाहिजेत. चुकीचं टाइप केलेलं सापडावं यासाठी अक्षराचा नियम न वाकवता गावांची यादी करा. भाग जेमतेम पंधरा-वीस असतील. प्रत्येकापुढे त्याची लोकांनी केलेली रूपं लिहा: नऱ्हे, नर्हे, नरहे, नऱ्हेगाव, इंग्रजीत लिहिलेलं नऱ्हे. यात कुणाचा शब्द मोडत नाही आणि नवीन रूप आलं की एक ओळ वाढवायची.

डेटावाला_कोथरूड:

हे पटलं. मी वर एक ओळ म्हणालो तेव्हा फ्रेंच, जर्मन नावांचा डेटा डोळ्यांसमोर होता, तिथे स्वरावरच्या खुणा एनएफसीने व्यवस्थित जुळतात. कोरियनचीही ११,१७२ जुळवलेली अक्षरं सुट्या भागांशी नेमकी जुळतात. देवनागरीला मानकाने एवढं मोकळं सोडलंय हे माहीत नव्हतं.

सायली, फोन नंबरचे रकाने बघितलेस का? त्यात कुणी देवनागरी अंक भरले असतील तर एनएफकेसीनेही ते इंग्रजी अंक होत नाहीत. युनिकोडडेटामधलं डिजिट फंक्शन एकेका अंकाला लाव. अख्ख्या नंबराचा पूर्णांक करू नकोस, पुढचं शून्य गळतं.

सायली_वडगाव_बुद्रुक:

फोनमध्ये होते देवनागरी अंक, आमच्या आजोबांच्या वयाच्या दात्यांनी भरलेले. आता एकाच माणसाच्या दोन-दोन नोंदी फोन नंबरवरून जुळल्या. रक्तगटात मात्र गोंधळ आहे: "ओ", इंग्रजी ओ, इंग्रजी शून्य आणि देवनागरी "०", सगळं भरलंय लोकांनी. तेही फंक्शनमध्ये घालू का?

जुळारी_एबीसी:

नाही, सायली. रक्तगट फंक्शनने ठरवायचा नाही. आकार सारखा म्हणून अर्थ सारखा धरणं गावाच्या नावात चालून जाईल, इथे नाही. जिथे शंका आहे त्या प्रत्येक दात्याला फोन करा, त्याच्या कार्डावर काय आहे ते विचारा आणि नोंद हाताने भरा. मंडळातली चार पोरं बसली तर एका रविवारी होईल. यापुढे फॉर्ममध्ये रक्तगट आणि भाग दोन्ही निवडायलाच द्या, टाइप करायला नको. भागाच्या निवडीतलं "नऱ्हे" २३५३ वालं आहे ना, तेवढं तपासून मग फॉर्म उघडा.

दात्यांना मराठीत एसएमएस पाठवत असाल तर आणखी एक. इंग्रजी संदेशाला १६० अक्षरं मिळतात, मराठी संदेशाला ७०, आणि त्याहून लांब गेला तर प्रत्येक तुकड्याला ६७. हिशेब चिन्हांचा आहे. "नऱ्हे" दिसायला दोन अक्षरं, मोजताना पाच, आणि त्यात न दिसणारा ८२०५ असला तर सहा. त्यामुळे एसएमएसचा मजकूर पाठवण्याआधी याच फंक्शनमधून काढलात तरी हरकत नाही, तो आपणच लिहिलेला असतो.

फंक्शन झालं की त्याच्याबरोबर चाचणीच्या शब्दांची एक छोटी फाइल ठेवा: नऱ्हे तिन्ही प्रकारांनी, ॲनिमिया चारही प्रकारांनी, वाङ्मय ८२०४ सह आणि त्याशिवाय, राठौड़ दोन्ही प्रकारांनी, आणि दर्या-दऱ्या, जे एक होता कामा नयेत. नवीन यादी मिसळायच्या आधी ती चाचणी चालवा. शेजारच्या मंडळालाही दोन्ही फाइली द्या, त्यांच्याकडेही नऱ्ह्यातून फोन येत असतील.